तलवाड्याचा इतिहास दाव्याच्या फाइलीत येऊ द्या

मा. आदिवासी विकास मंत्री,
महाराष्ट्र राज्य,
यांस,



आपल्या खात्याकडे दोन कामे आहेत. आश्रमशाळांमधून आदिवासी मुलांना शिकवण्याची जबाबदारी आपल्याकडे आहे आणि वनहक्क कायद्याच्या अंमलबजावणीचे सुकाणूही आपल्याकडेच आहे. एका ठिकाणी मुले इतिहास वाचतात आणि दुसऱ्या ठिकाणी त्यांच्या आई-बापांच्या इतिहासावर निकाल लागतो. मी इतिहास शिकवते. तरीही हे पत्र शिक्षणमंत्र्यांना न लिहिता आपल्याला लिहिते आहे, त्याचे कारण हे.

माझे म्हणणे थोडक्यात असे. वनहक्काचे दावे 'पुरावा अपुरा' असा शेरा मारून परत पाठवले जातात, तेव्हा कायद्याने मान्य केलेला पुरावा बहुतेक वेळा समोरच असतो, पण तो वाचला जात नाही. तो पाड्यावरच्या म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी असतो, शेताच्या बांधात असतो आणि गोदावरी परुळेकरांसारख्या लढता लढता लिहिणाऱ्यांच्या पुस्तकांत असतो. तो वाचायला लावण्याचा अधिकार आपल्याकडे आहे.

2006च्या या कायद्याची प्रस्तावना आपल्याला ठाऊक आहेच. इंग्रजी अमदानीत आणि स्वातंत्र्यानंतरही सरकारी जंगले आखताना आदिवासींचे वडिलोपार्जित जमिनीवरचे हक्क नीट नोंदवले गेले नाहीत आणि त्यातून ऐतिहासिक अन्याय झाला, असे संसदेने त्यात लिहून ठेवले आहे. आपल्या देशात इतक्या उघडपणे इतिहासाची चूक कबूल करणारे कायदे फार थोडे आहेत. ही कबुली मान्य केली, तर पुढचा प्रश्न टाळता येत नाही. ज्या नोंदी अन्याय करणाऱ्या यंत्रणेने केल्या, किंवा करायच्या टाळल्या, त्याच नोंदी आता ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांच्याकडे मागायच्या का?

ठाणे जिल्ह्याचेच उदाहरण घेऊ. आज त्याचा बराचसा आदिवासी भाग पालघर जिल्ह्यात आहे. इथला शेतकरी भाताचे रोप टाकण्याआधी वाफ्यावर फांद्या, पाला, गवत, शेण पसरून राब भाजतो. राबासाठी जंगलातली झाडे छाटावी लागतात. 1878च्या जंगल कायद्यानंतर या छाटणीवर निर्बंध आले, वहिवाटीची रानेच राखीव झाली आणि ठाणे-कुलाबा भागात एवढा असंतोष माजला, की मुंबई सरकारला 1885 साली जंगल आयोग नेमावा लागला. 1887 साली त्याचा अहवाल आला. म्हणजे या जंगलात माणसे राहत होती, शेती करत होती आणि जंगल वापरत होती, याची नोंद सरकारच्याच दप्तरात सव्वाशे वर्षांहून अधिक काळ आहे. मात्र ती नोंद ज्यांच्या उपयोगाची, त्यांच्या हाती ती कधी पडत नाही.

दुसरा सरकारी कागद 1939चा. आयसीएस अधिकारी डी. सिमिंग्टन यांनी मुंबई प्रांतातल्या आदिवासी आणि डोंगरी जमातींची पाहणी करून अहवाल दिला. जमीन सावकारांच्या आणि जमीनदारांच्या घशात कशी गेली, फुकट वेठ कशी करून घेतली जाते, कर्जापायी माणसे कशी बांधली जातात, हे त्यात आहे. अहवाल छापला गेला. वेठ चालूच राहिली. राज्यकर्त्यांना माहिती असणे आणि अन्याय थांबणे यांत किती अंतर असते, हे या अहवालाच्या नशिबावरून कळते.

ते अंतर तोडले ते ठाणे जिल्ह्यातल्या वारली आदिवासींनी स्वतः, लाल बावट्याखाली. त्यांच्या बरोबर उभ्या राहिलेल्या बाईंनी नंतर ते सगळे लिहून काढले, म्हणून ते आज आपल्यापुढे आहे.

गोदावरी परुळेकर मूळच्या पुण्याच्या, माहेरच्या गोखले. जन्म 1907चा. अर्थशास्त्र आणि राज्यशास्त्र शिकून त्यांनी कायद्याची पदवी घेतली. नामदार गोखल्यांनी स्थापन केलेल्या भारत सेवक समाजाच्या त्या पहिल्या महिला आजीव सदस्य. पुढे शामराव परुळेकरांशी लग्न झाले, दोघे कम्युनिस्ट पक्षात गेले, युद्धविरोधी चळवळीत तुरुंगात गेले. सुटून आल्यावर त्यांनी ठाणे जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांत काम सुरू केले. जानेवारी 1945 मध्ये टिटवाळ्याला किसान सभेचे अधिवेशन भरले. त्याला थोडे वारलीही आले होते, त्यांत झरी गावचे माह्या धांगडा होते. त्याच वर्षीच्या मे महिन्यात त्यांच्या झरीला, तेव्हाच्या उंबरगाव तालुक्यात, हजारो वारली जमले. वेठ करायची नाही, कर्जापायी कुणाचा गडी व्हायचे नाही, असा निर्धार तिथे झाला.

या निर्धाराचा अर्थ समजण्यासाठी 'लग्नगडी' म्हणजे काय ते माहीत असावे लागते. लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे घेतले, की नवरा-बायको दोघेही त्याच्याकडे राबायला बांधले जात. कर्ज किती फिटले, किती उरले, याचा हिशेब सावकाराच्या चोपडीत आणि चोपडी त्याच्याच घरात. वारल्याला ना वाचता येत होते, ना ती चोपडी मागण्याची हिंमत होती. कित्येकांचे सगळे आयुष्य त्यात गेले. झरीच्या सभेनंतर गावोगाव हे लग्नगडी सुटले. पिढ्यान्पिढ्यांची पद्धत काही आठवड्यांत मोडली.

मग मजुरीचा लढा आला. पाचशे पौंड गवत कापायला अडीच रुपये मिळावेत, ही मागणी होती. जमीनदार बिथरले. 10 ऑक्टोबर 1945 रोजी तलवाड्याला प्रचंड जमाव गोळा झाला होता. परुळेकरबाई येणार, अशी आवई उठवून लोकांना तिथे आणण्यात आले होते. त्या जमावावर पोलिसांनी गोळीबार केला. पाच वारली ठार झाले. त्यांत जेठ्या गांगड होते. सरकारने सभांवर बंदी घातली, नेत्यांना जिल्ह्याबाहेर काढले, पण संप मोडला नाही. पालघर भागात दर 10 ऑक्टोबरला हुतात्मा दिन पाळला जातो, तो या माणसांच्या आठवणीत.

मंत्रिमहोदय, या प्रसंगाचे सरकारी टिपण कसे असेल याची कल्पना आपण करू शकता. जमाव बेकायदा, सुव्यवस्थेचा प्रश्न, गोळीबार अपरिहार्य. वारल्यांच्या बाजूने काय घडले, ते कुठल्या वहीत लिहिले जाणार होते? लिहिता येणारे बहुतेक सगळे दुसऱ्या बाजूला होते. शामरावांनी 1947 साली या उठावावर इंग्रजी पुस्तिका लिहिली. गोदावरीबाईंचे 'जेव्हा माणूस जागा होतो' हे पुस्तक 1970 साली आले आणि 1972 साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. उठावापासून पुस्तकापर्यंतची पंचवीस वर्षे त्या त्याच भागात काम करत होत्या, मधूनमधून तुरुंगात होत्या. 1965 साली शामरावांचा मृत्यूही तुरुंगातच झाला. गोदावरीबाईंना आदिवासी गोदाराणी म्हणत. पुस्तकाचा मान त्यांना मिळाला तो साहित्यकृती म्हणून, आणि तो योग्यच होता. पण ते पुस्तक साक्षही आहे. कोण कुणाच्या शेतावर राबत होता, जमीन कुणी कसली आणि ती गेली कशी, हे ज्यांनी डोळ्यांनी पाहिले त्यांचे बोलणे त्यात आहे.

चळवळीत राहून इतिहास लिहिण्याची ही परंपरा महाराष्ट्रात एकट्या गोदावरीबाईंची नाही. धुळ्याचे कॉ. शरद पाटील यांनी आदिवासींच्या वनजमिनीच्या लढ्यात काम करता करता संस्कृत आणि पाणिनी यांचा अभ्यास केला आणि 'दास-शूद्रांची गुलामगिरी' हा ग्रंथ लिहिला. जातीची आणि दास्याची मुळे प्राचीन ग्रंथांत शोधताना त्यांच्यापुढे सातपुड्यातले भिल्ल आणि पावरा कष्टकरी होते. विद्यापीठात बसून असा प्रश्न पडला असता का, याची मला शंका आहे. अशा इतिहासकारांवर एकांगीपणाचा आरोप नेहमी होतो. त्यांनी बाजू घेतली होती, हे खरेच आहे. पण वन खात्याच्या आखणीच्या नकाशालाही एक बाजू होती, सावकाराच्या चोपडीलाही होती. फरक एवढाच, की गोदावरीबाईंनी आपली बाजू सांगून लिहिले.

याला एक मर्यादा आहे आणि ती लपवणे बरोबर नाही. आदिवासींचा इतिहास फार काळ इतरांनी लिहिला, प्रामाणिक आणि जिवाला जीव देणाऱ्या इतरांनीसुद्धा. वाहरू सोनवणे हे नंदुरबारच्या चळवळीतून आलेले भिल्ल कवी. त्यांची 'स्टेज' ही कविता याच दुखण्याविषयी आहे. भुजंग मेश्राम, डॉ. गोविंद गारे यांच्यासारख्यांनी कवितेतून आणि संशोधनातून स्वतःच्या समाजाबद्दल स्वतः लिहिले. म्हणून माझी मागणी गोदावरीबाईंच्या पुस्तकावर थांबत नाही. त्यांनी जे ऐकून लिहिले, ते सांगणाऱ्यांची मुले-नातवंडे आज स्वतः सांगू शकतात, लिहू शकतात. त्यांचे सांगणे सरकारने नोंदवावे, एवढेच आता राहिले आहे.

आता कायद्याकडे येते. वनहक्क नियमांतला तेरावा नियम पुराव्यांची यादी देतो. त्यात सरकारी नोंदी, नकाशे, गॅझेटियर, वन खात्याचे आराखडे आहेत. त्यातच घर, झोपडी, शेताची सपाटी, बांध यांसारखी जागेवरची चिन्हे आहेत. विहिरी, स्मशाने, देवस्थाने आहेत. जुन्या जमीन नोंदीत ज्याचे नाव आहे त्याच्यापर्यंत पोचणारी वंशावळ आहे. आणि दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्या माणसांचे लेखी घेतलेले निवेदनही आहे. यांपैकी एकापेक्षा अधिक पुरावे विचारात घ्यावेत, असे नियम सांगतो. म्हणजे एका म्हाताऱ्या माणसाचे निवेदन आणि शेताचा एक बांध मिळून दोन पुरावे होतात. 2012च्या दुरुस्तीने आणखी स्पष्ट केले, की उपविभागीय आणि जिल्हास्तरीय समितीने कोणत्याही विशिष्ट कागदाचा आग्रह धरू नये. उपग्रहाचे चित्र पूरक म्हणून वापरता येईल, इतर पुराव्यांच्या जागी नाही. दंडाची पावती किंवा अतिक्रमणाच्या यादीत नाव नाही, एवढ्याच कारणाने दावा फेटाळता येत नाही.

सिद्ध काय करायचे आहे, तेही पाहा. आदिवासी कुटुंबाला 13 डिसेंबर 2005च्या आधीपासून आपण ही जमीन कसतो, एवढेच दाखवायचे आहे. हक्क जास्तीत जास्त चार हेक्टरांपर्यंतच मिळणार आहे. त्या तारखेला वयात आलेली माणसे आज गावोगाव हयात आहेत. डहाणू, तलासरी, जव्हार, मोखाड्याच्या कोणत्याही पाड्यावर शेजाऱ्याला विचारले, तर हा तुकडा कुणी फोडला, बांध कुणी घातला, पहिल्या वर्षी नागली लावली की वरई, हे तो सांगेल. वाघदेव कुठे उभा आहे आणि तिथे पूजा कोणत्या कुळाची, हे सांगेल. हे सगळे कायद्याच्या यादीत बसते. तरीही 'पुरावा अपुरा' हा शेरा मारला जातो, कारण कचेरीतल्या माणसाला पुरावा म्हणजे शिक्का मारलेला कागद, असेच शिकवले गेले आहे. कायदा बदलला, ती सवय बदलली नाही.

अधिकाऱ्यांची एक शंका रास्त आहे. तोंडी पुरावा मानला तर खोटे दावे येतील, नव्याने जंगल तोडून जुनी वहिवाट सांगतील, अशी भीती असते. पण तोंडी निवेदन बंद खोलीत द्यायचे नाही, ते ग्रामसभेत द्यायचे आहे. दावेदाराचे शेजारी, भाऊबंद, ज्यांच्याशी बांधावरून भांडण आहे तेसुद्धा तिथे बसलेले असतात. पुढे जागेवर जाऊन पडताळणी करायची आहेच. चाळीस वर्षांपूर्वीचा बांध आणि मागच्या वर्षीचा बांध यांतला फरक सांगायला जाणकार लागत नाही. उलट बनावट कागद तयार करणे किती सोपे असते, हे महसूल खात्यात काम केलेल्यांना मी सांगायला नको.

'पुरावा अपुरा' या शेऱ्याची किंमत किती मोठी असू शकते, ते 2019 साली देशाने पाहिले. 13 फेब्रुवारीला सर्वोच्च न्यायालयाने ज्यांचे दावे फेटाळले गेले त्यांना जमिनीवरून हटवण्याचा आदेश दिला. 28 फेब्रुवारीला त्याला स्थगिती मिळाली, त्यात दावे फेटाळण्याची पद्धत तपासण्याचा मुद्दा होता. त्या पंधरवड्यात लाखो घरांवर टांगती तलवार होती. त्याआधीच्या वर्षी, मार्च 2018 मध्ये, नाशिकहून मुंबईपर्यंत सुमारे 180 किलोमीटर चालत हजारो शेतकरी आले. त्यांत मोठा भाग आदिवासींचा होता आणि मागण्यांत वनहक्क वरच्या क्रमांकावर होते. दहावीच्या मुलांच्या परीक्षेला अडथळा नको म्हणून ते शेवटचा टप्पा रात्रीत चालले. त्यांचे सोललेले तळपाय सगळ्या महाराष्ट्राने पाहिले. दाव्यांचा निकाल लावण्याचे आश्वासन सरकारने तेव्हा लेखी दिले होते.

या राज्याला वनहक्क देणे जमते, याचा दाखलाही आपल्याच घरात आहे. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा गावाला 2009 साली 1,809 हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. 2011 साली बांबूच्या वाहतुकीचे परवाने ग्रामसभेच्या हाती आले. गावाने जंगल राखले आणि त्यातून रोजगारही उभा केला. सर्व राज्यांना हे उदाहरण सांगितले जाते. जिथे हक्क मानला गेला, तिथे जंगल वाचले.

म्हणून आपल्याला चार विनंत्या करते.

पहिली: जिथे ग्रामसभेने दावा मान्य केला आणि वरच्या समितीने पुराव्याअभावी फेटाळला, ते सगळे दावे पुन्हा उघडा. फेटाळण्याचे कारण दावेदाराला मराठीत, लेखी मिळाले होते का, हे आधी तपासा. 2020च्या अधिसूचनेने अनुसूचित क्षेत्रात विभागीय समितीकडे अपिलाची सोय झाली आहे. ती सोय पाड्यावर माहीत करून देण्याचे काम आपल्या प्रकल्प कार्यालयांना द्या.

दुसरी: वडीलधाऱ्यांची निवेदने त्यांच्या बोलीत, वारली, कोकणा, कातकरी, भिल्ली, पावरी, गोंडी, माडिया, ध्वनिमुद्रित करून घ्या. 1962 साली सुरू झालेली पुण्याची आदिवासी संशोधन व प्रशिक्षण संस्था आपल्या अखत्यारीत काम करते. शिकलेली आदिवासी मुले-मुली त्यांच्याच गावी हे काम करू शकतील. 1945 साली दहा वर्षांचे असलेले मूल आज नव्वदीत आहे. हे काम पुढच्या अर्थसंकल्पापर्यंत थांबू शकत नाही.

तिसरी: जंगल आयोगाचा अहवाल, सिमिंग्टनचा अहवाल, जुने वन आराखडे, जंगल जमाबंदीची कागदपत्रे, दळी आणि एकसाली प्लॉटच्या नोंदी पुराभिलेखागारातून आणि वन खात्याच्या कपाटांतून बाहेर काढून गावनिहाय ग्रामसभांना द्या. आपल्याच पूर्वजांची नोंद पाहण्यासाठी एखाद्या वारल्याला माहिती अधिकाराचा अर्ज का करावा लागावा?

चौथी: प्रत्येक आश्रमशाळेच्या कपाटात 'जेव्हा माणूस जागा होतो' ठेवा. त्याच्याशेजारी वाहरू सोनवणे, भुजंग मेश्राम, गोविंद गारे यांची पुस्तके ठेवा आणि दर वर्षी 10 ऑक्टोबरला तलवाड्याचा प्रसंग मुलांना सांगण्याची सोय करा. तलासरीच्या आश्रमशाळेतल्या मुलीला शिवाजी महाराजांचा इतिहास कळतो, तो कळायलाच हवा. तिच्या खापरपणजोबाने वेठ कशी झुगारली, हेही तिला कळले पाहिजे.

मंत्रिमहोदय, यांतली एकही विनंती नवा कायदा मागत नाही. एकीसाठीही विधानसभेत मतदान लागत नाही. जे संसदेने 2006 साली मान्य केले आणि 2012च्या नियमांनी स्पष्ट केले, त्याची आठवण जिल्हाधिकाऱ्यांना करून देणारा एक शासन निर्णय आणि त्यावर दर तीन महिन्यांनी आपण स्वतः घेतलेला आढावा, एवढ्याने कामाला सुरुवात होईल. तो निर्णय काढा. तलवाड्याच्या पुढच्या हुतात्मा दिनाच्या आधी काढा.

आपली,
इतिहासाची एक शिक्षिका